नाव एकाचे, हाक दुसऱ्याला

गेल्या जुलै महिन्याच्या अखेरीस कॅनडाला जाण्याचा योग आला. आमच्यासारख्या कारकुनाला विमानाचे तिकीट परवडणारे नाही. ते दादाने काढून दिले. दादा आयटीआय करून अंबरनाथच्या एका कारखान्यात लागला होता. तिथून तो आखाती देशात गेला आणि पुढे कॅनडात. आज टोरंटो शहराजवळच्या ब्रॅम्प्टन येथे तो मशीनवर काम करतो. वहिनी पाळणाघरात नोकरी करते. "एकदा तरी ये गं," असे दोघेही कितीतरी वर्षे म्हणत होते. शेवटी साहेबांकडून तीन आठवड्यांची रजा मंजूर करून घेतली, बचत गटाचे वहीखाते शेजारच्या ताईंच्या हवाली केले आणि निघाले.

परदेश पाहून आलेला माणूस उंच इमारती आणि नायगाऱ्याचा धबधबा सांगतो. तो मीही पाहिला. पण वाचकहो, आज लिहायचे आहे ते एका वीतभर प्राण्याविषयी आणि त्याच्या नावाच्या मागे लागून केलेल्या एका प्रवासाविषयी.

दादाच्या घरामागे छोटेसे परसू आहे. पहिल्याच सकाळी चहाचा कप घेऊन मी मागच्या लाकडी पायरीवर बसले होते. सोबत माझी नऊ वर्षांची भाची. सम्राट अशोकाच्या कन्येचे नाव तिला ठेवले आहे, संघमित्रा. पण तिथल्या शाळेत कोणाला ते उच्चारता येत नाही म्हणून सगळे तिला 'सॅम' म्हणतात. तिलाही त्याची सवय झाली आहे. दादा म्हणतो, "जाऊ दे, पोरीला त्रास नको."

इतक्यात कुंपणाखालून एक प्राणी तुरतुरत आला. प्रथमदर्शनी मला आपली खारच वाटली. पाठीवर पट्टे, झुपकेदार शेपूट, तेच चमकते डोळे. पण हा खारीपेक्षा गुबगुबीत, रंगाने तांबूस, आणि पट्टे पाठीवर तसेच तोंडावरही. वहिनीने पक्ष्यांसाठी टाकलेले दाणे तो भराभर तोंडात कोंबत होता. बघता बघता त्याचे दोन्ही गाल लिंबाएवढे फुगले. मग पुढचे पाय छातीशी जोडून तो क्षणभर बसला, "चिप्, चिप्, चिप्" असा आवाज काढला आणि जमिनीतल्या एका बिळात नाहीसा झाला.

"आत्या, हा चिपमंक," भाची म्हणाली. "चिप-चिप करतो म्हणून चिप. पण मंक कशाला? मंक म्हणजे भंतेजी ना? आपल्या विहारात येतात ते?"

मला हसू आले. चिवरासारखा रंग आणि छातीशी जोडलेले पाय पाहून पोरीची शंका अगदीच अस्थानी वाटली नाही. पण उत्तर काही देता आले नाही. बी.कॉम. झाले, वीस वर्षे सरकारी कागद लिहिले, तरी चिपमंकातला मंक कोण, हे मला ठाऊक नव्हते. मुलाने विचारले की शोधून सांगायचे, ही आमच्या घरची रीत. दुसऱ्याच दिवशी आम्ही दोघी तिथल्या सार्वजनिक वाचनालयात गेलो. तिथल्या बाईंनी दोन-तीन जाड शब्दकोश आणि प्राण्यांवरची पुस्तके आणून दिली. मी वही काढली आणि टिपणे घ्यायला बसले.

आधी प्राण्याची माहिती. चिपमंक हा खारीच्याच कुळातला, पण आपल्याकडे तो नाही. त्याच्या दोन डझनांच्या आसपास जाती आहेत. एक जात सैबेरिया, कोरिया अशा उत्तर आशियाई प्रदेशात राहते. बाकी सर्व उत्तर अमेरिकेत. आपली खार झाडावर घरटे करते, हा जमिनीखाली बीळ खणतो. खारीच्या गालांना पिशव्या नसतात, ह्याच्या असतात. त्यांतून दाणे, बिया, ओकची फळे वाहून तो बिळातल्या कोठारात साठवतो. बीळ साडेतीन मीटरहून लांब असू शकते. त्यात निजण्याची जागा वेगळी, कोठार वेगळे आणि टरफले-घाण टाकण्याची बोगदी वेगळी! तिकडचा हिवाळा म्हणजे महिनोन् महिने बर्फ. तेव्हा हा बिळात झोपी जातो. पण अस्वलासारखा अंगातल्या चरबीवर जगत नाही. काही दिवसांनी उठतो, साठ्यातले खातो, पुन्हा झोपतो. जे खाल्ले जात नाही त्यातले काही दाणे रुजतात आणि रान वाढते.

ब्रॅम्प्टनमध्ये दिसतो त्या जातीचे शास्त्रीय नाव 'टॅमियास स्ट्रायटस'. १७५८ साली लिनियस या शास्त्रज्ञाने या प्राण्याला 'पट्टेवाला' या अर्थाचे लॅटिन नाव दिले. १८११ साली जर्मन शास्त्रज्ञ इलिगर याने त्याच्या कुळाला 'टॅमियास' म्हटले. हा ग्रीक शब्द असून त्याचा अर्थ कोठी सांभाळणारा, खजिनदार. प्राचीन अथेन्समध्ये देवालयाच्या खजिन्यावरील अधिकाऱ्यांनाही हाच शब्द होता. हे वाचून मला आपलाच भाऊबंद भेटल्यासारखे झाले. आमच्या कचेरीत पट्टेवाला वेगळा आणि खजिनदार वेगळा. इथे दोन्ही हुद्दे एकालाच! शिवाय हिशेबात एक दाणा इकडेतिकडे नाही.

आता 'मंक'. शब्दकोशात पाहिले तर मंक म्हणजे भिक्खू किंवा साधू असा काही संबंध नव्हता. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात गोऱ्या वसाहतवाल्यांच्या लिखाणात हा शब्द येऊ लागला. कोणी 'चिटमंक' लिहिले, कोणी 'चिपमक'. १८४२ च्या एका नोंदीत तर शेवटचा भाग थेट साधू या अर्थाच्या शब्दासारखा लिहिला आहे. म्हणजे भाचीने काढलेला अर्थ पावणेदोनशे वर्षांपूर्वीही कोणाच्या तरी कानाला पटला असावा! पुष्कळांना तो प्राण्याच्या आवाजावरूनच पडलेला शब्द वाटला. पक्ष्यांची चित्रे काढून प्रसिद्ध झालेले ऑड्युबॉन यांनी त्याला 'चिप्-चिप् करणारी खार' अशा अर्थाचे नाव दिले होते. पण शब्दकोश सांगत होता की, मूळ शब्द बहुधा इंग्रजी नाहीच. तो त्या भूमीच्या मूळ रहिवाशांचा, ओजिब्वे आणि ओडावा लोकांच्या भाषेतला आहे.

"ते लोक कुठे राहतात?" भाचीने विचारले. नकाशा पाहिला तर ह्युरन नावाच्या समुद्राएवढ्या सरोवरात मॅनिटूलिन हे बेट. ऑगस्टचा पहिला सोमवार तिथे सुटीचा असतो. त्या सुटीत बेटावरच्या विक्वेमकूंग या वस्तीत मूळनिवासींचा मोठा मेळावा भरतो, असे वहिनीला पाळणाघरातल्या मैत्रिणीकडून कळले. दादाने लगेच बोटीत मोटारीसाठी जागा राखून ठेवली.

शनिवारी पहाटे निघालो. मक्याची शेते आणि गुरांची कुरणे मागे टाकत मोटार उत्तरेला चालली होती. वायर्टन गाव गेल्यावर उजव्या हाताला केप क्रोकरचा फाटा लागतो. त्या वस्तीचे मूळ नाव नेयाशीनिगमिंग. ओजिब्वे भाषेचे मोठे अभ्यासक बेसिल जॉन्स्टन (१९२९ ते २०१५) याच वस्तीचे. त्यांच्याविषयी मी वाचनालयात वाचले होते. दहाव्या वर्षी त्यांना घरापासून तोडून मूळनिवासी मुलांच्या निवासी शाळेत नेण्यात आले. त्या शाळांचा हेतूच असा होता की, मुलांनी आपली भाषा आणि चालीरीती विसराव्यात. जॉन्स्टन विसरले नाहीत. पुढे टोरंटोच्या रॉयल ऑन्टारिओ म्युझियममध्ये त्यांनी जवळपास २५ वर्षे काम केले, आपल्या लोकांच्या कथा लिहिल्या, भाषेचे पाठ तयार केले. १९८८ साली आपल्या शाळेच्या दिवसांवर पुस्तकही लिहिले. मोटार फाट्यापाशी न थांबता पुढे गेली. मी मात्र मागे वळून पाहत राहिले.

टोबरमोरी बंदरात बोट उभी होती. १९७४ पासून चालणारे हे जहाज. त्याचे नाकाड वर उचलले जाते आणि मोटारी ओळीने पोटात शिरतात! जहाजाचे नाव 'ची-चीमॉन'. ओजिब्वे भाषेत त्याचा अर्थ मोठी होडी. पावणेदोन तासांचा प्रवास. चारी बाजूंना पाणीच पाणी, पण तोंडाला लावून पाहिले तर गोडे!

बोटीत भाचीने वाचनालयातून आणलेले गोष्टींचे पुस्तक काढले. त्यात इरोक्वॉ लोकांत सांगितली जाणारी चिपमंकाची गोष्ट होती. ती थोडक्यात अशी. अस्वल फुशारकी मारत होते की, मला या जगात काहीही करता येते. छोट्या चिपमंकाने विचारले, "उद्याचा सूर्य उगवू नये असे करशील का?" अस्वल म्हणाले, करीन. दोघे रात्रभर बसले. पहाट झाली आणि सूर्य नेहमीसारखा वर आला. चिपमंक हसला. अस्वल चिडले आणि त्याने चिपमंकाला पंजाखाली दाबले. चिपमंकाने युक्तीने त्याला पंजा किंचित उचलायला लावला आणि सटकला. पण सटकताना अस्वलाची नखे पाठीवर ओढली गेली. पाठीवरचे पट्टे त्या ओरखड्यांचे.

खारीच्या पट्ट्यांची गोष्ट आपल्याकडेही सांगतात. 'खारीचा वाटा' हा शब्दप्रयोग तिच्यावरूनच आला. त्या गोष्टीत खारीने सेवा केली म्हणून तिच्या पाठीवरून कृपेचा हात फिरतो आणि बोटे उमटतात. इरोक्वॉ लोकांच्या गोष्टीत लहानग्याने बलवानाला खरे ते सुनावले, त्याचे वळ पाठीवर राहिले. दोन्ही गोष्टी मुलांना सांगायच्याच. पण दुसरी ऐकताना बोटीच्या वाऱ्यातही माझ्या अंगावर काटा आला, हे कबूल करते.

मॅनिटूलिन हे गोड्या पाण्याच्या सरोवरातले जगातले सर्वांत मोठे बेट. क्षेत्रफळ २,७६६ चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या गोवा राज्याच्या पाऊणपट. १८६२ साली सरकारने करार करून बेटाचा बराच भाग घेतला. विक्वेमकूंगच्या लोकांनी त्या करारावर सही केली नाही. आपला भाग कधीही कोणाला लिहून दिलेला नाही, हे ते आजही अभिमानाने सांगतात.

मेळाव्यात मोठ्या ढोलाभोवती बसून माणसे गात होती. पिसांचे, मण्यांचे पोशाख घालून म्हातारेकोतारे आणि पोरेबाळे गोल फिरत नाचत होती. एका बाजूला मण्यांच्या वस्तूंची दुकाने होती. तिथे एक आजी बसल्या होत्या. वय पंच्याहत्तरीच्या पुढे असावे. भाचीने कानातले पाहता पाहता धीर करून त्यांना विचारले, "आजी, चिपमंक हा तुमच्या भाषेतला शब्द आहे का?"

आजी हसल्या. हाताचा पंजा उभा धरून त्यांनी बोटे खाली वळवली आणि हात सरसर खाली आणला. "अजिदमू," त्या म्हणाल्या. "झाडावरून डोके खाली करून उतरणारा. आमच्या इकडच्या बोलीत पहिला 'अ' गळतो. आम्ही जिद्मून म्हणतो."

जिद्मून, चिट्मून, चिटमंक! मी मनात जुळवू लागले. बाहेरून आलेल्यांनी ऐकला तसा शब्द पकडला, पुढे 'चिप्' आवाजाशी त्याचे सूत जमले आणि चिटमंकचा चिपमंक झाला. कोडे सुटले असे मला वाटले.

पण आजींचे बोलणे संपले नव्हते. "मात्र अजिदमू म्हणजे तुम्ही म्हणता तो प्राणी नव्हे," त्या म्हणाल्या. "ती लाल खार. जमिनीत राहणारा, पट्टेवाला, त्याला आम्ही अगोंगोस म्हणतो."

आम्ही सगळेच चकित झालो. म्हणजे ज्याला सारे जग चिपमंक म्हणते, त्याचे ते नावच नाही! शेजाऱ्याचे नाव त्याला चिकटले. ऐकणाऱ्याने नीट विचारले नाही, की बोट एकीकडे दाखवले आणि पाहिले दुसरीकडे, ते आता कोण सांगणार? आजींनी मागच्या देवदाराकडे बोट केले. तिथे खरोखरच एक लाल खार खोडावरून उलटी, डोके खाली आणि शेपूट वर अशी, ओरडत उतरत होती. खारीचे मागचे पंजे घोट्यातून मागे वळतात, त्यामुळे तिला ते जमते. नाव देणाऱ्यांनी तिला किती नीट पाहिले होते! एका शब्दात तिची सारी चाल आली.

लाँगफेलो या अमेरिकन कवीने १८५५ साली लिहिलेल्या 'हायवॉथा' या काव्यातही अजिदमू आहे, आणि तिथेही ती खारच आहे. लाँगफेलोने बरीचशी सामग्री स्कूलक्राफ्ट या लेखकाच्या पुस्तकांतून घेतली. स्कूलक्राफ्टला ओजिब्वे कथा आणि शब्द मिळाले ते मुख्यतः पत्नी जेन जॉन्स्टन आणि तिच्या माहेरच्या माणसांकडून. जेनची आई ओजिब्वे होती. जेन स्वतः कविता लिहीत असे. पण पुस्तकावर नाव नवऱ्याचे आणि कीर्ती कवीची. आमच्या महिला मंडळातल्या भगिनींना हे अधिक फोड करून सांगायला नको.

आजींनी आणखी एक गोष्ट सांगितली. लोकांचे नावही असेच बिघडले. ओजिब्वे या शब्दातला 'ओ' गाळून गोऱ्यांनी 'चिपेवा' केले. एकाच समाजाची ही दोन नावे कागदोपत्री आजही चालतात. ते स्वतःला अनिशिनाबे म्हणतात. आणि या सर्वांवर कळस म्हणजे 'इंडियन' हे नाव. १४९२ साली कोलंबस आपला देश शोधायला निघाला, पोहोचला भलतीकडे आणि तिथल्या माणसांना त्याने आपले नाव देऊन टाकले! कॅनडात त्यांच्यासाठी १८७६ साली झालेला कायदा आजही 'इंडियन' याच नावाने आहे. मी भारतातून आले असे सांगितल्यावर आजी म्हणाल्या, "म्हणजे खऱ्या इंडियन तुम्ही." दोघीही मनापासून हसलो.

मग त्या गंभीर झाल्या. लहानपणी शाळेत ही भाषा तोंडातून निघाली की मार बसे, असे त्या म्हणाल्या. कॅनडात सुमारे दीड लाख मूळनिवासी मुले अशा निवासी शाळांत घालण्यात आली. पुष्कळांची घरची नावे काढून परकी नावे दिली गेली, काहींना तर नुसते नंबर. अनेक मुले घरी परतलीच नाहीत. शेवटच्या शाळा १९९० च्या दशकात बंद झाल्या. २००८ साली कॅनडाच्या पंतप्रधानांनी संसदेत माफी मागितली आणि २०१५ साली चौकशी आयोगाने आपला अंतिम अहवाल दिला. आज बेटावर रस्त्यांच्या पाट्यांवर मूळ भाषा दिसते, मुलांना ती पुन्हा शिकवली जाते. आजींची नात शेजारी बसून मणी ओवत होती. आजी तिला मण्यांचे रंग आपल्या भाषेत विचारत होत्या आणि ती उत्तरे देत होती.

परतीच्या बोटीत दादा बराच वेळ कठड्याला टेकून गप्प उभा होता. आमच्या आजोबांच्या पिढीत धोंडू, कचरू अशी नावे असत. १९५६ नंतर घराघरांत गौतम, राहुल, सुजाता आले. एका विद्यापीठाच्या नावासाठी आपला समाज १९७८ पासून १९९४ पर्यंत लढला. नाव म्हणजे काय, हे आपल्याला कोणी शिकवायला नको. आणि तरीही आपल्या घरातली संघमित्रा, उच्चाराला सोपे म्हणून, सॅम झाली होती. दादाने तोंडाने काही म्हटले नाही. पण त्या संध्याकाळी मोटारीत त्याने मुलीला पूर्ण नावाने हाक मारली.

घरी पोहोचल्यावर आईला फोन लावला. भाचीने सगळी हकीकत सांगितली आणि विचारले, "आजी, तू खारीला काय म्हणतेस?" आई मूळची सिंधुदुर्गची. ती म्हणाली, "चानी गो." हा शब्द भाचीने प्रथमच ऐकला. खरे सांगायचे तर मीही तो कितीतरी वर्षांनी ऐकला. भाचीने वहीत लिहून घेतले: खार, चानी, शेकरू. खाली लिहिले: अजिदमू, अगोंगोस.

मी परत आले. सप्टेंबरात तिथली शाळा उघडली. दादाचा फोन आला. नव्या वर्गात बाईंनी नाव विचारल्यावर पोरीने 'संघमित्रा' सांगितले. बाईंना जमेना. तिने अक्षरे फोडून तीन वेळा सांगितले. तिसऱ्या वेळी बाईंना जमले. मुलांपैकी निम्मी अजूनही सॅमच म्हणतात. बाकीची शिकत आहेत.

वाचक बंधू-भगिनींनो, कॅनडा लांब आहे. पण प्रत्येकाच्या घरात एखादी आजी आहे, आणि तिच्यापाशी झाडांची, पाखरांची, भांड्याकुंड्यांची अशी नावे आहेत जी पुस्तकात सापडणार नाहीत. या दिवाळीच्या सुटीत मुलांना एक वही द्या आणि आजीजवळ बसवा. ती काय म्हणते ते नीट ऐकून, दोनदा विचारून, तिच्या उच्चाराप्रमाणे लिहायला सांगा. नाहीतर आपल्याकडेही हाक एकाला आणि नाव दुसऱ्याचे, असे व्हायला वेळ लागणार नाही.